दोनच्या सहीनंतर

३ जून, मंगळवार

खर्च: तांदूळ दहा किलो, ११० (जुना मागितला, नवा बांधून दिला; भाताचा गोळा होणार). डाळ दोन किलो, ४४. दिव्याचं तेल एक बाटली, १८. धुण्याच्या साबणाच्या चार वड्या, १२. पाचवी फुकट मागितली, मिळाली नाही. यांच्या चपलेला टाके, २. वकीलबाईंची पहिली फी ३००, पावती घेतली. कोर्टाची तिकिटं, २५.

शेवटचे दोन आकडे कोणत्या खात्यात मांडायचे ते कळेना. औषधपाण्यात घालावेत तर आजारी कोणी नाही. शेवटी किरकोळमध्ये टाकले. वेगळं पान काढलं असतं तर ते भरत गेलं असतं, अशी भीती वाटली.

धाकटी म्हणते, आई, रोजचं लिहीत जा, डोकं हलकं होतं. नवी वही घ्यायची गरज नाही. आकड्यांखाली निम्मं पान कोरंच राहतं, तिथे लिहीन.

तर प्रकरण असं. हे हायस्कुलात प्रयोगशाळेचे परिचर. काचसामान धुणं, आम्लं मापून ठेवणं, मुलांच्या प्रात्यक्षिकांची मांडामांड करणं, हे यांचं काम. कागदावर मात्र हे अर्धवेळ आहेत. सकाळी दहाला हजेरीपटावर आल्याची सही करायची, दुपारी दोनला गेल्याची सही करायची, आणि सही करून पुन्हा प्रयोगशाळेत जायचं, कारण प्रात्यक्षिकं सगळी दुपारची. लग्न झाल्यापासून मी हेच पाहते आहे. सुरुवातीला मला वाटायचं, सगळ्याच शाळांतून लोक दोनला जातात आणि साडेपाचला घरी पोचतात.

पुढच्या मे अखेर हे निवृत्त होणार. अर्धवेळाला निवृत्तिवेतन नाही, पूर्णवेळाला आहे. यांना पूर्णवेळ माना, एवढंच कोर्टाला सांगायचं आहे. सोबत आणखी दोघं आहेत. एक ग्रंथपालबाई, त्या वाचनालयाच्या सवयीनं भर रस्त्यातही कुजबुजत बोलतात. दुसरे शाळेचे शिपाई. घंटेचे टोल देतात म्हणून सगळं गाव त्यांना टोलेभाऊजी म्हणतं. त्यांच्या बायकोला मी जाऊबाई म्हणते. नातं काही नाही, पण शाळेच्या आवारात दोन खोल्या शेजारी होत्या तेव्हा आमची एकच पाण्याची तोटी होती, आणि एका तोटीवर बारा वर्षं काढली की नातं लागतंच.

देवा, आमचं असेल तेवढं दे. दुसऱ्याचं नको.

१९ जून

यांच्याबरोबर वकीलबाईंकडे गेले. शिंप्याच्या दुकानावर एक खोली. मला दिलेल्या खुर्चीचा एक पाय आखूड, त्याखाली पुठ्ठ्याची घडी. बाई वयानं आमच्या धाकटीहून फार मोठ्या नसाव्यात. मनात आलं, हिला आपण पैसे द्यायचे की खाऊ? पण बोलायला लागल्या तेव्हा हातातलं पेन एकदाही थांबलं नाही. हे त्यांना ताई म्हणाले. मीही तेच धरलं.

८ जुलै

शाळा चालवणाऱ्या संस्थेचं उत्तर आलं. लिहिलं आहे की अर्जदार दुपारी दोनपर्यंतच सेवेत असत, आणि त्याला त्यांच्याच रोजच्या सह्या साक्ष आहेत.

मी यांना म्हटलं, आपल्याच हातानं आपलाच गळा कापायचा म्हणजे हेच. हे म्हणाले, ती सही केली नसती तर अर्धा पगारही मिळाला नसता. मी डाळ निवडायला घेतली. डाळीत खडे निघाले. वाण्याला उद्या दाखवणार.

२७ जुलै

वाण्याच्या दुकानात जाऊबाई. मी हसले. माझ्याकडे पाहत पाहत सरळ पुढे गेली, जसा काही मी खांब. खटला जिंकला तर पूर्णवेळाची बायको होणार म्हणून आत्तापासूनच मान वर झाली की काय? मीही हाक मारली नाही. आपणच का मारायची?

२० ऑगस्ट

राहवेना म्हणून त्यांच्याकडे जाऊन आले. जाऊबाईनं चहा केला. साखरेच्या जागी मीठ. मी कपाळाला आठी पडू दिली नाही, सगळा प्यायले, अन्नाचा अपमान करू नये. पण याचा अर्थ काय घ्यायचा? पुन्हा उठताना मला सुईत दोरा ओवायला सांगितलं. नवऱ्याच्या सदऱ्याचं बटण तीन दिवस झाले तुटलंय म्हणे. मी काय तिच्या घरची शिंपीण आहे? ओवून दिला. टोलेभाऊजी कोपऱ्यात बसून नुसते माझ्याकडे बघत होते. एरवी माझी टिंगल केल्याशिवाय राहत नाहीत.

घरी येऊन यांना सगळं सांगितलं. हे म्हणाले, जाऊ दे. यांचं सगळ्याला जाऊ दे असतं.

४ सप्टेंबर

आज संस्थेचे चिटणीस घरी आले. आमच्या घरी ते कधीच आले नव्हते. यांचे वडील गेले तेव्हाही आले नव्हते. मी चांगले कप काढले. त्यांनी भिंतीवरची ओल पाहिली, छताकडे पाहिलं, धाकटीला काय शिकतेस म्हणून विचारलं. मग म्हणाले, कोर्टात काय ठेवलंय, आपण घरचीच माणसं. दावा मागे घ्या, राजीनामा द्या, संस्था एकरकमी काहीतरी देईल, शाल देऊन निरोपही देईल. आकडा सांगितला.

आकडा वाईट नव्हता. मी आतल्या खोलीत तोंडी हिशोब केला. छत होईल, धाकटीच्या शेवटच्या वर्षाची फी होईल, वर थोडे उरतील. खोटं कशाला लिहू, मला वाटलं घ्यावेत. हातचं सोडून पळत्यापाठी कशाला लागायचं? चिटणीस गेल्यावर त्यांचा कप यांनी स्वतः धुतला. चांगल्या कपाला मी कोणाला हात लावू देत नाही. पण आज लावू दिला.

५ सप्टेंबर

दिवा लावून देवाला विचारलं, काय करू? देव काही बोलला नाही. तोही वकिलांसारखाच, पुढची तारीख देतो.

जेवताना यांना म्हटलं, घेऊन टाकू या. हे म्हणाले, "पैसे घेतले तर मी दोनला घरी जात होतो असं होईल. मी जात नव्हतो." आणि भात मागितला. नव्या तांदळाचा गोळाच झाला होता, पण निमूट जेवले. मला राग आला आणि राग आला म्हणून आणखी एक वाढ वाढली.

११ सप्टेंबर

लिहायला हात उचलत नाही. टोलेभाऊजी आले होते. दारातच उभे राहिले. बसा म्हटलं तर बसले नाहीत. मला म्हणाले, "वहिनी, मी सही करून आलो. चिटणीसांच्या कागदावर."

मी म्हटलं, तिघांचा दावा, आणि तुम्ही एकटे सुटलात? तिघांत एक घरभेदी असतोच म्हणायचं. त्यांनी मान खाली घातली. हे मागून आले, त्यांच्या खांद्यावर हात ठेवून त्यांना फाटकापर्यंत सोडून आले. सोडून आले म्हणजे चांगले अर्धा तास फाटकाशी बोलत उभे होते. मी खिडकीतून पाहत होते.

परत आल्यावर मी विचारलं, तुम्हाला राग कसा येत नाही? हे म्हणाले, प्रत्येकाच्या चुलीखालचं लाकूड वेगळं असतं. असलं काहीतरी बोलायचं आणि प्रयोगशाळेच्या किल्ल्या मोजत बसायचं.

मी जाऊबाईशी बोलणं सोडलं. भांडले नाही, नुसतं सोडलं.

३० सप्टेंबर

ते दोघं मुलाकडे राहायला गेले. आगगाडीनं अर्ध्या दिवसाची वाट. हे स्टेशनवर पोचवायला गेले. मी गेले नाही. डोकं दुखत होतं असं यांना सांगितलं, आणि मग खरंच दुखायला लागलं.

शाळेत विजेची घंटा बसवली. वेळेचं भानच नाही तिला, कधी दोनदा वाजते, कधी वाजतच नाही.

आज खर्च: स्टेशनचं फलाट तिकीट, १. यांनी जाऊबाईसाठी संत्री घेतली, ६. किरकोळ.

१६ ऑक्टोबर

आज यांची साक्ष. मी मागच्या बाकावर बसले. ग्रंथपालबाई शेजारी. त्यांचं कुजबुजणं कोर्टात मात्र शोभून दिसलं.

संस्थेचे वकील भलतेच गोड बोलणारे. यांना विचारलं, दोनला जाण्याची सही तुमचीच ना? हे म्हणाले, माझीच. मग सगळीकडे एकदा पाहून विचारलं, दोननंतर थांबायला तुम्हाला कोणी सांगितलं होतं?

आमच्या ताईंनी आदल्या दिवशी दहा वेळा बजावलं होतं की या प्रश्नाला थांबून, विचार करून उत्तर द्या. पण हे थांबले नाहीत. ताठ झाले. म्हणाले, "मला सांगावं कशाला लागेल? प्रयोगशाळा माझी आहे."

संस्थेचे वकील हसून खाली बसले. म्हणजे स्वखुशीनं थांबत होते, असं त्यांनी न्यायाधीशांना सांगितलं. स्वखुशीच्या कामाला पगार कसला? आमच्या ताईंनी डोळे मिटून घेतले.

बाहेर आल्यावर हे मला म्हणाले, बरोबर बोललो ना? मी काय सांगणार? चांगलं बोललात म्हटलं. कोणालाही विचारा, खटला हरायला याहून चांगलं वाक्य सापडायचं नाही. पण त्या वेळी ते ज्या तऱ्हेनं उभे होते, तसे मी त्यांना लग्नाच्या फोटोतही पाहिलेले नाहीत.

१७ ऑक्टोबर

लिहिण्यासारखं काही नाही. उपवास केला. साखर वाचली.

१४ नोव्हेंबर

ताईंकडे दुसरी फी द्यायला मी एकटी गेले. हे प्रात्यक्षिकांत अडकलेले. ताईंचा चेहरा उतरलेला. म्हणाल्या, काकू, त्यांना कोणी थांबायला सांगितलं होतं हे दाखवणारं काही सापडत नाही. मुख्याध्यापक लेखी काही देत नसत.

मला मुळात पैसे मोजून द्यायचे होते आणि पावती घ्यायची होती. पण बाईमाणूस दिसलं, साचलेलं बाहेर पडलं. टोलेभाऊजींचं सगळं गाऱ्हाणं सांगितलं. कसे आम्हाला सोडून गेले, कशी त्यांची बायको मीठ घातलेला चहा पाजते. आणि म्हटलं, त्यांच्यावाचून माझा भातसुद्धा बिघडतो हो. शाळा सुटायचा पाचचा टोल झाला की मी भात चढवायची. सगळी गल्लीच चढवायची. एक दिवस चुकला नाही माणूस, तापातसुद्धा. आता त्या विजेच्या घंटेनं रोज कोणाचा ना कोणाचा भात करपतो.

ताईंचं पेन थांबलं. पहिल्यांदाच थांबलेलं पाहिलं. विचारलं, पाचचा टोल तेच द्यायचे? म्हटलं, मग कोण देणार, चिटणीस? विचारलं, तेही अर्धवेळच होते ना? म्हटलं, अर्धवेळच, दोनला सही करून. मग विचारलं, आणि प्रात्यक्षिकं दुपारी असतात हे मुलांना कसं कळतं? मी म्हटलं, कसं म्हणजे, फाटकाजवळच्या फळ्यावर वेळापत्रक लावलेलं असतं. मुख्याध्यापकांची सही असते खाली. आमच्या दोन्ही मुलींनी वर्षानुवर्षं त्यावरून उतरवून घेतलंय.

ताई उगाचच हसायला लागल्या. मला चहा पाजला. मी एवढी गाऱ्हाणी सांगतेय, आणि ही हसते. शिकलेल्या माणसांचं काही कळत नाही. पावती द्यायला विसरल्या, ती मागून घेतली.

१० डिसेंबर

आज मुख्याध्यापकांना बोलावलं होतं. माणूस वाईट नाही. संस्थेचं मीठ खातो, एवढंच.

ताईंनी त्यांना आमच्या यांच्याबद्दल विचारलंच नाही. आधी विचारलं, शाळा किती वाजता सुटते? पाचला. सुटल्याचा टोल कोण देत असे? शिपाई. शिपाई किती जण होते? एक. तो अर्धवेळ ना? होय. दोनला सही करून घरी जायचा ना?

कोर्टात कोणीतरी खोकलं. मुख्याध्यापकांनी पाणी मागितलं. ताईंनी ते पिऊन होऊ दिलं. मग हळूच विचारलं, "तर मग, साहेब, इतकी वर्षं पाचचा टोल कोण देत होतं?"

लोक हसले. न्यायाधीशांनी हात वर केला, पण तेही खाली बघत होते. मुख्याध्यापक हसले नाहीत. दोन्ही हात कठड्यावर ठेवले. मग म्हणाले की तोच देत होता. दुपारची प्रात्यक्षिकं परिचरच मांडून देत होता. वाचनालयही बाईच उघडं ठेवत होत्या. त्यांना वेगळं सांगावं लागत नसे, कारण वेळापत्रक मी लावत होतो.

ताई एवढंच म्हणाल्या की आणखी काही विचारायचं नाही.

मला सगळं समजलं नाही. पण परतताना हे प्रत्येक दुकानाच्या पाटीपाशी थांबत चालले होते, जणू गाव नवीन आहे. ग्रंथपालबाई तर चक्क मोठ्यानं बोलल्या. मला काय म्हणाल्या ते दचकल्यामुळे लक्षात राहिलं नाही.

२२ जानेवारी

तारीख. पुढची तारीख मिळाली. बसभाडं ४.

१९ फेब्रुवारी

तारीख. न्यायाधीश रजेवर. बसभाडं ४. धाकटीनं परीक्षेचा अर्ज भरला. फी तिनं शिकवण्यांच्या पैशांतून आधीच भरून टाकली होती, मला आज सांगितलं. मी रागावले, कोणाला न विचारता? मग आत जाऊन दिव्याची वात सारखी केली.

१८ मार्च, बुधवार

मिळालं.

हे आणि ग्रंथपालबाई, दोघंही नेमणुकीच्या तारखेपासून पूर्णवेळ. न्यायाधीशांनी वाचून दाखवलं की ज्या शाळेचं वेळापत्रक पाचपर्यंत चालतं, तिनं माणसांना दोनला गेल्याच्या सह्या करायला लावणं बरोबर नाही. हे स्वखुशीनं थांबले असतील, पण शाळा त्यांच्या थांबण्यावरच चालत होती. म्हणजे यांचं ते वाक्यही वाया गेलं नाही. संस्था वरच्या कोर्टात जाऊ शकते, पण ताई म्हणतात, मुख्याध्यापकांच्या साक्षीनंतर जायला तोंड राहिलेलं नाही.

यांना सगळं ऐकून झाल्यावर काय वाटलं असेल? विचारलं, तर म्हणाले, आता मी दुपारी लवकर गेलो तर? आणि लहान मुलासारखे हसले. मेपर्यंत एक दिवसही लवकर यायचे नाहीत, मला माहीत आहे.

देवाला नारळ-बिरळ काही बोलले नव्हते. नुसता दिवा लावला. तेवढा तेलाचा खर्च रोजचाच.

१९ मार्च

ताईंकडे निकालाची प्रत आणायला गेलो. प्रतीचे पैसे १४. ताई म्हणाल्या, तिसऱ्याचं काय? मी म्हटलं, त्यांनी दावा सोडला, त्यांचं त्यांना. ताई म्हणाल्या, दावा सोडला, हक्क नाही. गरजेत घेतलेली सही म्हणून तो कागद आपण खोडून काढू शकू असं मला वाटतं. खात्री देत नाही. पण अर्ज एप्रिलच्या तीसच्या आत जायला हवा, आणि अर्जावर त्यांची सही हवी.

वाटेत मी यांना म्हटलं, आपण खटला लढायचा आणि फळ त्यांनी खायचं? जाणाऱ्यानं जावं. हे चालता चालता थांबले. जाऊबाईला हे वहिनी म्हणतात. म्हणाले, "ते पैसे वहिनींच्या डोळ्यांना लागले. उजवा गेलाच होता, डावाही जात होता."

मी तिथल्या तिथे पायरीवर बसले. कोणाचं तरी दुकान होतं, त्यानं आत बसा म्हटलं.

वाण्याच्या दुकानात तिला मी दिसलेच नव्हते. मीठ काय, साखर काय. सुईत दोरा.

यांना विचारलं, मला का नाही सांगितलं? म्हणाले, वहिनींनीच शपथ घातली होती. म्हणाल्या, तिला कळलं तर ती माझी कीव करील. ती बोलत नाही ते परवडलं, पण तिनं कीव केलेली नको. मी विचारलं, डावा वाचला का? म्हणाले, वाचला. आता चष्म्यानं वाचतातसुद्धा.

म्हणजे जाऊबाई मला नीट ओळखते. तिनं सांगितलं तसंच झालं असतं.

२० मार्च

टपालाचं जोडकार्ड आणलं, जाणाऱ्याचं आणि उत्तराचं दोन्ही. आधी इथेच मजकूर लिहून पाहते, म्हणजे कार्डावर खाडाखोड नको.

सौ. जाऊबाईंस,

नमस्कार. तुम्ही निघताना मी स्टेशनवर आले नाही. आपलं बोलणं बंद आहे, ते तसंच चालू द्या, त्याचं नंतर निवांत बघू. हे पत्र कामाचं आहे.

खटल्याचा निकाल आपल्या बाजूनं लागला. वकीलताई म्हणतात, भाऊजींनाही पूर्णवेळ मागता येईल, त्यांनी संस्थेच्या कागदावर सही केली असली तरी. नक्की मिळेल असं सांगत नाही. पण मागितल्याशिवाय तर नाहीच मिळणार. अर्ज त्या तयार करून ठेवतील, फी आत्ता घेणार नाहीत, मी विचारून घेतलं आहे. भाऊजींनी एकदा येऊन सही करायची, एप्रिलच्या तीसच्या आत. उतरायचं आमच्याकडेच. तुम्हीही या. जेवायला जे असेल ते.

त्यांना सांगा की तो खटला त्यांच्या पाचच्या टोलानंच जिंकला. ते इथे नसताना, भर कोर्टात. त्यांना पटायचं नाही, आल्यावर हे समजावून सांगतील. मलाही अजून नीट पटलेलं नाही.

अवमान वाटून घेऊ नका आणि उपकारही मानू नका. आमचे पैसे आम्हाला मिळाले, तुमचे तुम्हाला मिळावेत, यात माझं काही जात नाही.

उत्तराचं कार्ड सोबत जोडलं आहे, त्याचं तिकीटही भरलेलं आहे, वाया घालवू नका. कोणत्या गाडीनं येता तेवढंच लिहा, पण उलट टपालानं लिहा.